धुळवडीची संध्याकाळ

सांडलेला कोरडा रंग आधी केरसुणीनं झाडून काढावा आणि मगच पाण्याला हात लावावा. लग्नानंतरच्या पहिल्याच धुळवडीला सासूबाईंनी मला हे शिकवलं. मी मोठ्या उत्साहानं जिन्यावर बादलीभर पाणी ओतलं होतं. गुलाल फरशीच्या सांध्यांत असा काही मुरला की पाडव्याच्या आदल्या दिवसापर्यंत आम्ही दोघी तो घासत होतो!

धुळवड म्हटली की आपल्या वाट्याला येते ती साधारण अशीच. पोरंसोरं आणि पुरुषमंडळी खाली रंग खेळणार, आपण वर त्यांच्या परतण्याची तयारी करणार. मुलांच्या अंगाला, केसांना खोबरेल चोपडायचं, माळ्यावरून टाकाऊ कपडे शोधायचे, उंबऱ्याशी जुनं गोणपाट अंथरायचं. पुरणपोळ्या होळीच्या दिवशी झालेल्या असतात, पण धुळवडीला आमच्याकडे मटण लागतं. खाटकाच्या दुकानापुढे सकाळी सातपासून रांग. त्या रांगेतून विजयी मुद्रेनं परतलेले आमचे हे पिशवी ओट्यावर ठेवून जे पसार होतात ते एकदम दीडला उगवतात, निळ्या कानांनी आणि भुकेनं कासावीस. मग अंघोळींच्या पाळ्या. ‘अरे, बेसन-दही लाव, घासलेटनं कातडी सोलून निघेल,’ असं बाथरूमच्या दाराबाहेरून ओरडायचं. मग पानं वाढायची. आणि मग, साडेतीनच्या सुमाराला, सगळं घर एकाएकी आडवं होतं.

मला सांगायचं आहे ते इथून पुढचं.

तुम्ही म्हणाल, मुंबईत आणि सणाच्या दिवशी शांतता? पण बघा हं. गणपतीत दहा दिवस कर्णे असतात. दिवाळीच्या संध्याकाळी फटाके आणि पाहुणे. रविवारी संध्याकाळी अर्धी मुंबई चौपाटीवर आणि उरलेली अर्धी दुसऱ्या दिवसाच्या धसक्यात. धुळवड हा असा एकच सण आहे की ज्याचा सगळा दंगा सकाळच्या पोटात संपतो. संध्याकाळसाठी शास्त्रानं काही सांगितलेलं नाही आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांनीही काही ठरवलेलं नाही. खरं तर आपल्याकडे रंगाचा दिवस रंगपंचमीचा. धुळवडीला होळीची राख कपाळाला लावायची, होळीवर तापवलेल्या पाण्यानं अंघोळ करायची, एवढाच विधी. पण मुंबईत देशभरची माणसं, त्यांच्याबरोबर त्यांचा रंगही आला आणि पाच दिवस आधीच उधळू लागला. पुण्याकडच्या किंवा नाशिकच्या मैत्रिणींना ही शांतता रंगपंचमीला मिळत असेल. नाशिकला तर त्या दिवशी पेशवेकाळापासूनच्या रहाडी उघडतात. म्हणजे जमिनीतले ते मोठे हौद! त्यात उड्या मारून आलेली माणसं संध्याकाळी काय आवाज करणार!

तर साडेतीन ते सात. दुकानांच्या फळ्या लागलेल्या. रस्त्यावर गाडी नाही. खालच्या फाटकाशी पहारेकरी खुर्चीतच झोपलेला, त्याच्या कानाच्या पाळीवर गुलाल. इमारतीच्या भिंतीवर फुग्यांचे ओले गोल वाळत आलेले. एरवी आमच्या गल्लीत कधी ऐकू न येणारे आवाज त्या दिवशी येतात. माडाच्या झावळ्यांची सळसळ, पंख्याची करकर, दादर स्टेशनातून सुटणाऱ्या गाडीची लांबवरची घरघर. फाल्गुन असल्यामुळे कोकीळ नुकता गळा तापवू लागलेला असतो. कोपऱ्यावरच्या पिंपळाला तांबूस कोवळी पालवी असते. दिवसभर एवढे रंग बघितल्यावर तो तांबूस रंग डोळ्यांना काय बरा वाटतो म्हणून सांगू!

गेली बावीस वर्षं या वेळेला मी घराबाहेर पडते आहे. एकटी.

पहिल्यांदा पडले तेव्हा मुलगा दहावीत होता. भांडी घासून झाली होती, रंगीत कपड्यांची बादली भिजत होती. सगळे झोपलेले. मीही पडायला गेले, पण त्या शांततेत झोपच येईना. वाटलं, ही वेळ झोपून घालवली तर पुन्हा वर्षभर मिळायची नाही. चपला घातल्या, तेवढ्यात सासूबाईंनी कॉटवरूनच विचारलं, “कुठं निघालीस गं?”

आणि माझ्या तोंडातून निघालं, “दूध आणते.”

दूध घरात होतं, चांगली दोन पाकिटं. तरी मी पिशवी घेतली, घडी करून काखेत मारली आणि निघाले. पुढं दर वर्षी हेच. धुळवडीला संध्याकाळी आमच्या घरात दूध संपतं!

पिशवीची ही युक्ती मला वाटत होतं माझ्या एकटीचीच. पुढं कळलं की याचा कोणी अभ्यासही केलेला आहे. शिल्पा फडके, समीरा खान आणि शिल्पा रानडे या तिघींनी मुंबईतल्या बायका रस्त्यावर, बागेत, स्टेशनात कशा वावरतात हे पाहून एक इंग्रजी पुस्तक लिहिलं, ‘व्हाय लॉयटर?’. २०११ साली ते आलं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की बाई बाहेर दिसली तर तिला काहीतरी काम असलं पाहिजे. मुलाला शाळेतून आणायचंय, भाजी घ्यायचीय, गाडी पकडायचीय. नुसतीच उभी राहिलेली, नुसतीच बसलेली बाई लोकांच्या डोळ्यांना चालत नाही. म्हणून बायका काम नसलं तर कामाची खूण तरी बरोबर ठेवतात. वाचून मी मनाशी म्हटलं, यांनी माझी पिशवी बघितली की काय!

पुरुषाचं तसं नाही हो. आमचे हे ‘जरा खाली जाऊन येतो’ म्हणतात आणि दोन तासांनी येतात. खाली काय होतं हे मी तीस वर्षांत विचारलेलं नाही.

माझी वाट ठरलेली आहे. आधी शिवाजी पार्कचा कट्टा. या मैदानाचं नाव पूर्वी माहीम पार्क होतं. १९२७ साली ते बदलून शिवाजी पार्क झालं ते महापालिकेतल्या एका बाईंच्या सूचनेवरून, अवंतिकाबाई गोखल्यांच्या. रोज हजारो माणसं इथं येतात, पण हे फार थोड्यांना माहीत असतं. न्यायालयानं २०१० साली हा परिसर शांतता क्षेत्र ठरवला खरा, पण कागदावरची शांतता वेगळी आणि धुळवडीची वेगळी. एरवी मैदानात एकाच वेळी क्रिकेटचे दहा डाव चाललेले असतात आणि त्यांची तांबडी धूळ आसपासच्या घरांच्या खिडक्यांवर बसते. म्हणजे तिथल्या गृहिणींची धुळवड बाराही महिने! या एका संध्याकाळी मात्र धूळ खाली बसलेली असते. मैदानाच्या मधोमध दोन कुत्री, त्यांतलं एक गुलाबी.

कट्ट्यावर बायका असतात. पहिल्या वर्षी मला वाटलं, मी एकटीच आगाऊ. पण नाही. अंतराअंतरानं बसलेल्या सात-आठ तरी होत्या आणि प्रत्येकीपाशी काहीतरी होतं. एकीपाशी पिशवी, एकीपाशी देवाला न्यायची परडी, एकीच्या हातात नातवाची तीनचाकी सायकल. नातू नव्हता, नुसती सायकल! कोणी कोणाशी बोलत नव्हतं. बोलायला लागलं की पुन्हा कामच झालं, नाही का?

एका वर्षी मात्र एक जण बोलली. इस्पितळात परिचारिका होती. सकाळपाळी दोनला सुटते, पण धुळवडीला ती चारपर्यंत वॉर्डमध्येच थांबून राहते म्हणाली. सकाळी कामावर येताना गाडीच्या खिडकीतून पाण्यानं भरलेली प्लॅस्टिकची पिशवी एकदा तिच्या शेजारणीच्या तोंडावर बसली होती. धावत्या गाडीत ती पिशवी दगडासारखी लागते. शेजारणीचा डोळा वाचला, पण महिनाभर सुजून होता. “रंग खेळणारे झोपले की मी निघते,” ती म्हणाली. “तेवढ्यापुरतं शहर आमचं.” मग घड्याळ बघून उठली. घरी जाऊन स्वयंपाक करायचा होता.

तिचं ते ‘तेवढ्यापुरतं’ मी नंतर पुष्कळ दिवस घोळवत होते. होळीच्या आधीच्या आठवड्यात आपण पोरींना सांगतो, त्या गल्लीनं जाऊ नको, खिडकीत बसू नको, पांढरं घालू नको. पोरांना मात्र फुगे फोडण्यापूर्वी समोर कोण आहे ते बघायला किती घरांतून सांगितलं जातं? माझ्या घरातून तरी मुलगा आठवीत जाईपर्यंत सांगितलं गेलं नव्हतं, हे मला कबूल केलं पाहिजे.

कट्ट्यावरून मी सावरकर मार्ग ओलांडते (सासूबाई अजून कॅडल रोडच म्हणतात) आणि दादरच्या चौपाटीवर जाते. ही चौपाटी गिरगावासारखी मिरवायची नाही. वाळू थोडी, कचरा बराच. पण धुळवडीच्या संध्याकाळी इथं समुद्र हमखास लांब गेलेला असतो. हे नशिबानं नव्हे, हिशोबानं. आमच्या कोकणात भरती काढायची सोपी रीत आहे. तिथीची पाऊणपट करायची, की भरतीची अंदाजे वेळ निघते. धुळवड म्हणजे फाल्गुन वद्य प्रतिपदा. एकाची पाऊणपट पाऊण, म्हणून भरती पाऊण वाजता. तिथून सहा तासांनी, म्हणजे पावणेसातच्या आसपास, पुरी ओहोटी. आदल्या दिवशी पौर्णिमा झाल्यामुळे ही ओहोटी चांगली खोलवर जाते. ओल्या वाळूवर तेव्हा आकाशाचा रंग पसरलेला असतो. साडेसहा-पावणेसातला सूर्य बुडतो आणि थोड्या वेळानं पाठीमागच्या इमारतींमधून चंद्र वर येतो. जरासा चेपलेला, पण पौर्णिमेचाच म्हणावा असा.

शेजारी चैत्यभूमी. १९५६च्या डिसेंबरात बाबासाहेबांवर जिथं अंत्यसंस्कार झाले ती ही जागा. सहा डिसेंबरला इथं माणसांचा सागर असतो. या संध्याकाळी एखादं कुटुंब येतं, पायरीशी चपला काढतं, वाकतं, मुलाला वाकायला लावतं आणि हळूच जातं. मुलाच्या केसांत हिरवा रंग राहिलेला असतो.

तिथं मी अर्धा तास बसते, कधी पाऊण. काही करत नाही. विचारसुद्धा फारसा नाही. मग दुधाचं एक पाकीट घेते आणि घरी.

असं चाललं होतं. दोन वर्षांपूर्वी निघताना सासूबाई कॉटवर उठून बसल्या होत्या. वय ब्याऐंशी. मी चपलांकडे गेले तशा म्हणाल्या, “दूध कालच आणलंस ना गं? मी बघितलं फ्रिजमध्ये.”

मी गप्प. चोरी पकडल्यासारखी उभी राहिले.

“मी देवळात जाते म्हणायची,” त्या म्हणाल्या.

मला आधी कळेचना. मग त्यांनी सांगितलं. चाळीत राहायच्या तेव्हा दोन खोल्यांत नऊ माणसं. धुळवडीला संध्याकाळी चाळ झोपली की त्या डोक्यावरून पदर घेऊन निघायच्या. उद्यान गणेशाला बाहेरूनच हात जोडायचे, की सरळ समुद्रावर. “खोटं नको म्हणून तेवढा नमस्कार करायची,” म्हणाल्या. तेव्हा क्षितिजावर काहीच नव्हतं. वरळी-वांद्र्याचा सागरी सेतू २००९ साली झाला, तो त्यांनी चौपाटीवरून कधी पाहिलेलाच नव्हता. साठी उलटल्यावर जाणं बंद झालं.

“का बंद केलंत?”

“अगं, तासाभरात जावं लागतं. तिथं कुठं जाऊ?”

म्हणजे लघवीला. एवढ्या साध्या कारणानं एक बाई वीस वर्षं समुद्रावर गेली नव्हती आणि मी त्याच घरात राहत होते. आपल्यातल्या कितीजणी बाहेर पडायचं म्हणून सकाळपासून पाणी पीत नाहीत, मोजून बघा. लग्नाला जाताना आपण आधी विचारतो ते जेवण काय आहे हे नव्हे, सोय आहे का! मुंबईत बायकांच्या संघटनांनी २०११ साली याच मागणीसाठी ‘राइट टू पी’ नावाची मोहीम उघडली. नाव ऐकून तेव्हा मी नाक मुरडलं होतं. चारचौघांत असं काय बोलायचं, असं वाटलं होतं. त्या दिवशी कॉटवर बसलेल्या सासूबाईंकडे बघून त्या नाक मुरडण्याची लाज वाटली.

मग वर्षभर मी तयारी केली म्हणा ना. येता-जाता नजर ठेवून वाटेत कुठं स्वच्छ सोय आहे, कुठली सायंकाळी उघडी असते, कुठं पायरी उंच आहे ते बघून ठेवलं. ओळखीच्या एका घरी सांगून ठेवलं की गरज लागली तर आम्ही येऊ. त्या बाई उलट खूश झाल्या. कट्ट्याला पाठ टेकायला काही नाही, म्हाताऱ्या माणसाची कंबर धरते, म्हणून एक उशी. चौपाटीवर चैत्यभूमीजवळ २०२२ साली पालिकेनं माता रमाबाई आंबेडकरांच्या नावाचा सज्जा उघडला आहे, पावसाळी नाल्याचं तोंड होतं त्यावरच बांधलेला. तिथं वाळूत पाय रुतायची भीती नाही, हे हेरून ठेवलं.

गेल्या धुळवडीला आम्ही दोघी निघालो. पावणेपाचला. सहाची वाट बघितली असती तर उजेड गेला असता, कारण मी दहा मिनिटांत जाते ते अंतर त्यांना काठी टेकत अर्धा तास लागतो. आमचे हे जागे होते. “दोघी कुठं?” म्हणाले.

सासूबाई म्हणाल्या, “फिरायला.”

इतकं सोपं होतं ते! मी पिशवी घेतली होती, ती त्यांनी माझ्या हातातून काढून खुंटीला लावली. उशी मात्र मला काखेतून न्यावी लागली.

कट्ट्यावर थोडं टेकलो. मग तिथून सज्ज्यावर. पोहोचलो तेव्हा सूर्य सेतूच्या तारांमागे उतरत होता. सासूबाईंनी सेतूकडे बराच वेळ बघितलं. मला वाटलं, काहीतरी जुनं आठवून हळव्या होतील. म्हणाल्या, “आभाळ अडवलंय मेल्यांनी. पण दिसतो बरा.” मग खाली वाळूकडे बघून, “ओहोटी आहे. तेव्हाही असायची.” आणि मग पाऊण तास आम्ही काही बोललो नाही. ज्या सासू-सुना एका स्वयंपाकघरात तीस वर्षं बोलत आल्या त्यांना हे किती अवघड, तुम्हाला ठाऊकच आहे. पण तिथं जमलं.

पलीकडे एक कॉलेजातली मुलगी बसली होती. एकटी, मांडीवर पुस्तक नाही, हातात पिशवी नाही. पाय लांब करून, मागे हात टेकून नुसती समुद्राकडे बघत होती. गालावर पिवळा रंग तसाच. दोन पोरगे मागून दोनदा गेले, तिसऱ्यांदा आले तेव्हा सासूबाईंनी काठी जराशी आपटली. ते गेले. मुलीनं वळून पाहिलं नाही. तिला कळलंसुद्धा नसेल.

सव्वासातला चंद्र वर आला आणि त्यांना गरज लागली. ओळखीच्या घरी गेलो. तिथं सरबत झालं, वरच्या मजल्यावरच्या दोघीजणी खाली आल्या, गप्पा झाल्या. त्यांतली एक सासूबाईंच्याच वयाची. पंधरा वर्षांत इमारतीच्या फाटकाबाहेर गेलेली नाही म्हणाली. गुडघे. सासूबाईंनी तिला तिथल्या तिथं पुढच्या धुळवडीचं निमंत्रण देऊन टाकलं, माझ्याकडे न बघता. म्हणजे आता दोन उश्या.

घरी आलो तर आमच्या ह्यांनी आमच्या पाठीमागे मदत केलेली! रंगाचे सगळे कपडे पिळून, धुऊन वाळत घातले होते. मी कौतुक करणार तोच दोरीकडे लक्ष गेलं. रंगीत आणि पांढरे एकाच बादलीत, तेही गरम पाण्यात. सासूबाईंनी चष्मा पुसून बघितलं आणि काही न बोलता आत गेल्या. ते बनियन अजून गुलाबी आहे. हे ते आत घालतात, वरून कळत नाही म्हणतात. कळतं.